फोनच्या पोटात पीएसपी

भाईंदर पश्चिमेहून रोज चर्चगेट गाठणाऱ्यांचा लोकलमध्ये तासभर तरी जातो. बसायला जागा मिळाली, तर सोनीचा २००४ सालचा पीएसपी हा हातात धरून खेळायचा गेम कन्सोल साध्या अँड्रॉइड फोनवर खेळता येतो. पीएसपीचा प्रोसेसर मिप्स पद्धतीचा, कमाल ३३३ मेगाहर्ट्झचा; फोनचा आर्म पद्धतीचा. दोघांना कळणाऱ्या आज्ञा वेगळ्या. एम्युलेटर हा प्रोग्राम मधला दुभाषी होतो: आज्ञांचा तुकडा एकदा भाषांतरित करून साठवतो आणि पुन्हा लागला की तयार भाषांतरच चालवतो. म्हणून खेळ अडखळत नाही.

२०१२ साली आलेला पीपीएसएसपीपी हा एम्युलेटर हे काम फुकट करतो. त्याला सोनीच्या मूळ यंत्रणेची (बायॉस) फाइलही लागत नाही, कारण पीएसपीच्या यंत्रणेची कामं तो स्वतःच पार पाडतो. मला तरी हीच त्याची सर्वांत मोठी करामत वाटते.

ॲप प्ले स्टोअरवरूनच घ्या आणि त्याला गेमचं फोल्डर दाखवा. पीएसपीचा मूळ पडदा ४८०×२७२ पिक्सेलचा. रेंडरिंग, म्हणजे चित्र रेखाटण्याचं माप, दुप्पट केलं की चित्र रेखीव दिसतं. फोन तापला तर मूळ मापावर या. गेम मात्र स्वतः विकत घेतलेल्या चकतीवरूनच उतरवा; इंटरनेटवरून फुकट उचललेली प्रत म्हणजे १९५७च्या कॉपीराइट कायद्याचा भंग आहे.