मुलांचें बेट आणि घरची खिडकी



ज्या घरांत लहान मूल आहे, त्या घरांतील एखादा पलंग केव्हांना केव्हां जहाज झालेला असतोच. सतरंजीचा समुद्र होतो, उशांचे खडक होतात, आणि पलीकडच्या कोपऱ्यांत, कपाटाच्या आडोशाला, एक बेट वर येतें. मोठ्या माणसानें चुकून मध्येंच पाऊल टाकलें, कीं त्याला ताबडतोब बजावण्यांत येतें, "तुम्ही पाण्यांत उभे आहांत!" मोठें माणूस हंसतें आणि बाजूस होतें. परंतु त्याच्या मनांत एक शंका मागें उरतेच. अभ्यास टाकून, जेवणाची हांक न ऐकतां, मुलानें या नसलेल्या बेटावर इतका वेळ काढावा, हें बरें कीं वाईट? या खेळानें मन वाढतें, कीं मनाला पळून जाण्याची संवय लागते?

या प्रश्नाचा विचार करतांना इंग्रजी बालवाङ्मयांतील एक प्रसिद्ध बेट आपल्या उपयोगी पडेल. तें म्हणजे जेम्स मॅथ्यू बॅरी या स्कॉटिश लेखकानें निर्माण केलेलें 'नेव्हरलँड', अर्थात् 'कधींच नसलेला देश'. बॅरीचें 'पीटर पॅन' हें नाटक २७ डिसेंबर १९०४ रोजीं लंडनच्या ड्यूक ऑफ यॉर्क्स थिएटरांत प्रथम रंगभूमीवर आलें. पुढें १९११ सालीं त्यानें तीच कथा 'पीटर अँड वेंडी' या कादंबरीच्या रूपानें लिहिली. कथा अगदीं साधी आहे. लंडनच्या डार्लिंग कुटुंबांतील वेंडी, जॉन आणि मायकेल हीं तीन भावंडें, कधींही मोठा न होणाऱ्या पीटर पॅनबरोबर, रात्रीं खिडकींतून उडून एका बेटावर जातात. तेथें चांचे आहेत, जलकन्या आहेत, पऱ्या आहेत, आणि बाबागाडींतून पडून हरवलेलीं व कोणींच परत न मागितलेलीं मुलें आहेत. वेंडी या मुलांची आई होते, नाना साहसें घडतात, आणि अखेर तिन्ही भावंडें घरीं परततात. एवढ्याशा कथेनें शंभरांहून अधिक वर्षें मुलांना व त्यांच्या आईबापांना धरून ठेवलें आहे. याचें कारण केवळ चांच्यांच्या लढायांत सांपडत नाहीं.

प्रथम, बेटच कां? आपल्या कहाण्यांतील आटपाट नगर कोठें आहे, हें कोणी विचारीत नाहीं. पण त्या नगराला राजा असतो आणि तेथें मोठ्यांचे व्यवहार चालूच असतात. बेटाची गोष्ट निराळी. मुलाचें सारें आयुष्य दुसऱ्यांच्या राज्यांत जातें. केव्हां उठावें, काय खावें, कोणाला नमस्कार करावा, हें सर्व दुसरींच माणसें ठरवितात. बेटाला मात्र चहूंकडून पाणी असतें, आणि त्या पाण्यापलीकडून कोणाचीही आज्ञा ऐकूं येत नाहीं. शिवाय बेट आटोपशीर असतें; त्याचा नकाशा एका कागदावर मावतो. १८८१ सालीं स्कॉटलंडमधील ब्रेमार गांवीं पावसानें घरांत अडकून पडलेल्या रॉबर्ट लुई स्टीव्हन्सननें आपल्या सावत्र मुलाच्या संगतींत एका बेटाचा नकाशा रंगविला, आणि त्या नकाशांतूनच 'ट्रेझर आयलंड' ही कादंबरी जन्मास आली. म्हणजे बेट आधीं आणि गोष्ट मागाहून, असाच तो क्रम होता.

बॅरी याच्याही पुढें गेला. त्याच्या मतें हा नकाशा प्रत्येक मुलाच्या मनांतच असतो, आणि कोणत्याही दोन मुलांचीं बेटें तंतोतंत सारखीं नसतात. जॉनच्या बेटावर एक सरोवर आहे आणि त्यावरून रोहित पक्षी उडतात. धाकट्या मायकेलच्या बेटावर एक रोहित पक्षी आहे आणि त्याच्यावरून सरोवरें उडतात! दिवसा टेबलाखुर्च्यांशीं खेळतांना हें बेट मुळींच भीतिदायक नसतें. परंतु रात्रीं, डोळा लागण्यापूर्वींच्या दोन मिनिटांत, तें जवळजवळ खरें होतें. म्हणूनच मुलांच्या उशाशीं दिवा ठेवतात, असें बॅरी सुचवितो. लहान मुलाला निजवितांना ज्यांनीं त्याचा हात धरून ठेवला आहे, त्यांना यांतील सत्य निराळें सांगावयास नको.

हें बेट लेखकाला सुचलें कोठून? बॅरीचा जन्म १८६० सालीं किरीम्यूर या स्कॉटिश गांवीं एका विणकराच्या घरीं झाला. तो सहा वर्षांचा असतां, १८६७ च्या जानेवारींत, त्याचा एक थोरला भाऊ डेव्हिड हा बर्फावर घसरण्याचा खेळ चालू असतां झालेल्या अपघातांत दगावला. डेव्हिडला त्या वेळीं चौदावें वर्षही पुरें झालें नव्हतें. आईनें अंथरूण धरलें. तेव्हां लहानग्या जेम्सनें भावाचे कपडे अंगांत घातले, त्याच्यासारखी शीळ घालण्याचा सराव केला, आणि तो आईच्या खोलींत जाऊन उभा राहिला. आईवर लिहिलेल्या १८९६ च्या पुस्तकांत त्यानें स्वतःच हें सांगितलें आहे. जेम्स वाढला, पुरुष झाला. डेव्हिड मात्र आईच्या मनांत तेरा वर्षांचाच राहिला. कधींही मोठा न होणारा मुलगा ही कल्पना वरवर पाहतां आनंदाची वाटते. तिच्या मुळाशीं एका घरांतील असें दुःख आहे.

बेटाचा दुसरा उगम याहून हंसराहे. लंडनच्या केन्सिंग्टन बागेंत १८९७ च्या सुमारास बॅरीची लेव्हेलिन डेव्हिस कुटुंबांतील मुलांशीं ओळख झाली. १९०१ च्या उन्हाळ्यांत सरे परगण्यांतील ब्लॅक लेक या तळ्याकाठीं जॉर्ज, जॅक आणि पीटर या तिघां भावांनीं त्याच्याबरोबर चांच्यांचा आणि निर्जन बेटाचा खेळ मांडला. त्या वेळीं थोरला आठ वर्षांचा आणि धाकटा चार वर्षांचा होता. बॅरी स्वतः चांच्यांचा कप्तान झाला आणि त्याचा पोर्थोस नांवाचा धिप्पाड कुत्रा, मुखवटा चढवून, वाघ झाला. या खेळाचीं छायाचित्रें घेऊन बॅरीनें एक पुस्तक बनविलें आणि त्याच्या अवघ्या दोन प्रती छापल्या. त्यांतील एक मुलांच्या वडिलांना दिली, ती त्यांनीं आगगाडींत विसरून टाकली! तीन वर्षांनीं रंगभूमीवर आलेल्या नाटकाचें बीज या खेळांत होतें.

आतां त्या बेटावरील आयुष्याकडे जरा बारकाईनें पाहूं. वेंडी तेथें जें करते, त्याला आपल्या भाषेंत नेमका शब्द आहे, तो म्हणजे भातुकली. ती मुलांचे कपडे शिवते, त्यांना वेळेवर निजविते, औषध पाजते. जेवण खरें मिळावयाचें कीं लुटपुटीचें, हें मात्र पीटरच्या लहरीवर अवलंबून असतें. आणि येथें लेखक एक फार महत्त्वाचा भेद दाखवितो. इतर मुलांना लुटपुटीचें जेवण लुटपुटीचें आहे हें ठाऊक असतें. पीटरला मात्र खरें आणि लुटपुटीचें हीं दोन्ही एकच वाटतात. भातुकलींत भाताच्या जागीं वाळू वाढणारी मुलगी ती वाळू तोंडांत घालीत नाहीं. तिला खेळ कळतो, म्हणूनच ती खेळूं शकते. पीटरला हा भेद कळत नाहीं. त्यामुळें तो ज्या बेटाचा राजा दिसतो, त्याच बेटाचा कैदीही आहे.

बेटावर काळाला मज्जाव आहे, असा आपला समज होतो. पण तोही खरा नाहीं. कप्तान हुक हा चांच्यांचा नायक. पीटरनें त्याचा हात तोडून मगरीपुढें टाकला, आणि त्याची चव लागलेली मगर तेव्हांपासून उरलेल्या हुकच्या मागावर आहे. सुदैवानें तिनें एक घड्याळही गिळलें आहे. त्याची टिक्टिक् ऐकूं आली, कीं हुक पळत सुटतो. एक दिवस घड्याळाची किल्ली संपेल आणि मग मगर न कळत जवळ येईल, हें भय त्याला रात्रंदिवस छळतें. मुलें या मगरीला हंसतात. मोठीं माणसें हंसतात खरीं, पण त्यांना ती टिक्टिक् ओळखीची वाटते.

याहून मोठें संकट म्हणजे विस्मृति. बेटावर कांहीं काळ लोटल्यावर वेंडीच्या ध्यानांत येतें, कीं जॉनला आईबाप अंधुकच आठवतात आणि मायकेल तर आपल्यालाच खरी आई समजूं लागला आहे. तेव्हां ती घाबरते, आणि चक्क परीक्षा घेते. आईच्या डोळ्यांचा रंग कोणता? वडील अधिक उंच कीं आई? असे ते प्रश्न आहेत. पाटीवर उत्तरें लिहिणाऱ्या त्या मुलांचें चित्र विनोदी आहे, पण त्यांत पोटांत कालवाकालव होईल असें कांहीं तरी आहे. घर विसरलें, तर बेटाचें बेटपण तें काय राहिलें?

आणि येथेंच खिडकी येते. पीटर एकदां आपली हकीगत सांगतो. आई आपल्यासाठीं खिडकी सदैव उघडी ठेवील, अशा भरंवशावर तो पुष्कळ दिवस बाहेर राहिला. मग उडत परत आला, तों खिडकीला गज लावलेले, आणि आंत त्याच्या अंथरुणावर दुसराच मुलगा निजलेला. पीटरच्या साऱ्या बेफिकिरीचें मर्म या एका हकीगतींत आहे. उलट, वेंडीची आई मुलें उडून गेलेल्या दिवसापासून खिडकी लावूं देत नाहीं. भावंडें परत येत असतां पीटर त्यांच्या आधीं पोंचतो आणि ती खिडकी आंतून बंद करतो. आईनेंच आपल्याला बाहेर ठेवलें असें वेंडीला वाटावें, हा त्याचा डाव. पण मग त्याला त्या आईच्या डोळ्यांतलें पाणी दिसतें, आणि तो मुकाट्यानें खिडकी उघडून निघून जातो. माझ्या मतें साऱ्या कथेंतील सर्वांत मोठें साहस हेंच होय. कारण यांत पीटर प्रथमच, आणि स्वतःला तोटा सोसून, दुसऱ्याचें दुःख जाणतो.

तात्पर्य असें कीं, मुलानें बेटावर जावें कीं न जावें, हा आपण विचारलेला प्रश्नच अपुरा होता. मूल जाणारच, आणि त्यानें जावें. त्याला परत येण्याची वाट आपण उघडी ठेवली आहे काय, हा खरा प्रश्न होय. खेळ मोडून, "काय हा वेडेपणा!" म्हणून ओरडणें म्हणजे खिडकीला गज लावणें. परत आलेल्या मुलाला त्याच्या बेटाची हकीगत सांगूं देणें, आणि ती न हंसतां ऐकणें, म्हणजे खिडकी उघडी ठेवणें.

सावधगिरी नको असें मात्र नव्हे. पहिल्या प्रयोगानंतर कांहीं मुलांनीं घरीं जाऊन पलंगावरून उडण्याचा प्रयत्न केला आणि त्यांना जखमा झाल्या. तेव्हां पालकांच्या विनंतीवरून, अंगावर परीची धूळ पडल्याखेरीज कोणालाही उडतां येत नाहीं, ही अट आपण नाटकांत घातली, असें बॅरीनें पुढें लिहिलें आहे. कल्पनेला न मोडतां तिला कुंपण कसें घालावें, याचा हा नमुनेदार धडा आहे. तसेंच, बेटावरील आदिवासी टोळीचें चित्र त्या काळच्या इंग्रजी समजुतींनीं रंगलेलें आणि त्या लोकांना कमीपणा आणणारें आहे. आज मुलांना ही कथा वाचून दाखवितांना तेवढें स्पष्ट सांगणें योग्य होईल. त्यामुळें गोष्टीचा रस कमी होत नाहीं.

ज्या मुलांच्या खेळांतून हें बेट निघालें, त्यांना काळानें सोडलें नाहीं. १९०७ सालीं त्यांचे वडील आणि १९१० सालीं आई वारली. पांचही भावांचा सांभाळ बॅरीनें केला. जॉर्ज १९१५ सालीं पहिल्या महायुद्धांत फ्लँडर्सच्या रणभूमीवर मारला गेला, आणि चौथा भाऊ मायकेल १९२१ सालीं ऑक्सफर्डजवळ बुडून मृत्यु पावला. या दुःखांनंतर, १९२९ सालीं, बॅरीनें 'पीटर पॅन'चे सर्व हक्क लंडनच्या ग्रेट ऑर्मंड स्ट्रीट येथील मुलांच्या रुग्णालयास देऊन टाकले. १९३७ सालीं तो वारला. त्याच्या मृत्यूनंतर पन्नास वर्षांनीं, म्हणजे १९८७ अखेर, त्या हक्कांची मुदत संपली. तेव्हां ब्रिटिश पार्लमेंटानें १९८८ च्या कायद्यांत खास कलम घालून त्या देशापुरता मानधनाचा हक्क रुग्णालयाकडे कायम ठेवला. कधींच नसलेल्या देशाचें उत्पन्न अशा रीतीनें खऱ्या आजारी मुलांच्या उपयोगी पडत आलें आहे.

वेंडी मोठी झाली, तिला मुलगी झाली, आणि एके रात्रीं पीटर पुन्हां खिडकींत आला. आपण आतां उडूं शकत नाहीं, हें वेंडीला त्याला सांगावें लागलें. मग तिनें आपल्या मुलीला त्याच्याबरोबर जाऊं दिलें, आणि ती खिडकींत उभी राहून पाहत राहिली. आपणां सर्व मोठ्यांच्या वांट्याला अखेर हीच जागा येते. ती कमी मानाची आहे असें कोणीं समजूं नये. बेटावर जाणारीं मुलें निर्धास्तपणें जातात, तीं या खिडकींत कोणी तरी उभें आहे म्हणूनच.