व्याजाचे मुद्दल

अमळनेर तालुक्यातल्या आजोळी पत्र्याच्या पेटीत मोडीतले तीन कर्जरोखे सापडले, 1880 च्या आसपासचे. पहिल्याचे थकलेले व्याज दुसऱ्याच्या मुद्दलात, दुसऱ्याचे तिसऱ्यात. खापरपणजोबांच्या हाती नवी रोकड एकदाही आलेली नाही.

अमेरिकी कर्जबाजारात याच्या जवळची रीत म्हणजे ‘पीआयके टॉगल’ रोखे. (उच्चार ‘पिक’, आम्हां शेतकऱ्यांच्या पोरांना हसू येतेच.) व्याज रोख द्यायचे की मुद्दलात चढवायचे, हे दर हप्त्याला कर्जदार कंपनीच ठरवते. चढवले तर दर सहसा पाऊण टक्का जास्त. नीमन मार्कस या दुकानांच्या कंपनीने 2013 मध्ये असे 60 कोटी डॉलरचे रोखे काढले: रोखीने 8.75 टक्के, चढवल्यास 9.5. 2017 मध्ये तिने चढवायला सुरुवात केली. मे 2020 मध्ये दिवाळखोरीचा अर्ज. साडेनऊ टक्क्यांनी शंभराचे पाच वर्षांत 157 होतात.

आपल्याकडे दामदुपटीचा नियम होता: एका वेळी मुद्दलाहून जास्त व्याज वसूल करता येत नसे. सावकार रोखाच बदलून घेई. व्याजाचे मुद्दल झाले की दामदुपटीची मोजणी नव्या आकड्यापासून. 1879 च्या दख्खन शेतकरी कायद्याने कोर्टाला पहिल्या रोख्यापासून हिशेब उकरायला लावले, व्याजावर व्याज नाकारले. पण तो सुरुवातीला पुणे, सातारा, सोलापूर, अहमदनगर एवढ्यापुरताच. जळगाव-धुळे मिळून असलेला तेव्हाचा खानदेश बाहेर राहिला.

टॉगलची कळ कर्जदाराच्या हाती असते, पाऊण टक्का ही तिची किंमत. आमच्या रोख्यांवर खापरपणजोबांची फक्त नांगराची निशाणी आहे. तिसऱ्यात तारण म्हणून कपाशीचे शेत लिहिले आहे. ते आता आमचे नाही.