अंगणवाडी सेविकेच्या निवडीवर वाद : हायकोर्ट नेमकं काय तपासतं?

ज्यांना ऐकायला वेळ मिळाला नाही, त्यांच्यासाठी हा आजचा एपिसोड लेखी स्वरूपात.

गावातली अंगणवाडी सेविकेची एक जागा. एवढ्यासाठी कोणी हायकोर्टात जातं का? जातं, आणि बऱ्याचदा जातं. या पदासाठी स्थानिक रहिवासी असण्याची अट असते. म्हणजे अर्ज करणाऱ्या सगळ्या त्याच गावच्या, जागा एकच, आणि ती भरली की पुढची कित्येक वर्षं गेली. अनेकींसाठी घर न सोडता मिळणारं हे एकमेव काम असतं.

आता थेट हायकोर्ट का? २००६ मध्ये सुप्रीम कोर्टाने कर्नाटक सरकार विरुद्ध अमीरबी या प्रकरणात सांगितलं की, अंगणवाडी सेविका मानधनावर काम करतात, त्यांचं पद हे सरकारी 'नागरी पद' नाही. त्यामुळे सरकारी नोकरांसाठी असलेल्या प्रशासकीय न्यायाधिकरणात त्यांना जाता येत नाही. उरतो रस्ता राज्यघटनेच्या कलम २२६ खाली हायकोर्टात रिट याचिका करण्याचा. निवड करणारी यंत्रणा सरकारी आहे, म्हणून कलम १४ मधली समानता तिला पाळावीच लागते.

मी वकील नाही, सॉफ्टवेअर इंजिनियर आहे. म्हणून माझ्या भाषेत सांगतो. आउटपुट आपल्याला आवडलं नाही, हा बग नाही. प्रोग्राम ठरल्याप्रमाणे चालला नाही, हा बग. कोर्टही असंच बघतं. 'दोघींपैकी चांगली कोण?' हे ते सहसा ठरवत नाही. निवड कशी झाली, ते तपासतं.

समजा, एकीचा रहिवासी दाखला अर्जाची मुदत संपल्यानंतरचा आहे, तरी तिला मार्क मिळाले. मग कोर्ट विचारणार: जाहिरातीत काय लिहिलं होतं? पात्रता साधारणपणे अर्जाच्या शेवटच्या तारखेला बघतात. नियम अध्येमध्ये बदलले का? भरती सुरू झाल्यावर नियम बदलता येत नाहीत, हे सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये पुन्हा स्पष्ट केलंय (मूळ नियमातच तशी मुभा असेल तर गोष्ट वेगळी). हरकत घेतलेली होती, तर तिच्यावर कारणांसह निर्णय दिला का? आणि जिची निवड रद्द केली, तिचं म्हणणं ऐकलं का?

कारणं इथे फार महत्त्वाची. १९७७ च्या मोहिंदरसिंग गिल प्रकरणापासून तत्त्व ठरलेलं आहे: आदेशात जी कारणं लिहिली, त्यांवरच तो टिकायला हवा. नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणं जोडून चालत नाही.

चूक सापडली तरी 'हिलाच नेमा' असं कोर्ट क्वचितच म्हणतं. बहुतेक वेळा आदेश रद्द होतो आणि प्रकरण फेरनिर्णयासाठी त्याच अधिकाऱ्याकडे परत जातं. म्हणजे केस जिंकली तरी नोकरी मिळेलच असं नाही.

याचिका पडण्याची कारणंही ठरलेली. खूप उशीर करणं. निवड झालेल्या बाईला प्रतिवादीच न करणं. तिला न ऐकता तिची जागा कशी काढणार? किंवा अटी माहीत असून मुकाट भाग घ्यायचा आणि नाव लागलं नाही की त्याच अटी चुकीच्या म्हणायच्या.

म्हणून घरात कोणी अर्ज करत असेल, तर आजच ही कामं करून ठेवा. जाहिरातीचा फोटो काढा. अर्जाची पोच घ्या. तात्पुरती यादी लागली की मुदतीत लेखी हरकत द्या, तिचीही पोच घ्या. गुणतक्ता मिळाला नाही तर माहिती अधिकारात मागा. उत्तराची मुदत ३० दिवस असते. पण त्या उत्तराची वाट बघत हरकतीची तारीख घालवू नका. ताई, वहिनी, शेजारच्या काकू, कोणीही असो, मोबाईल तुमच्या हातात आहे. फोटो तुम्हीच काढून द्या.

भेटू पुढच्या एपिसोडमध्ये!