विहिरीच्या तोंडाशी

युकातानच्या एका दिवसाच्या सहलीत सकाळी चिचेन इत्सा आणि दुपारी सेनोटेत पोहणं, असा बेत असतो. आपण या दोन वेगळ्या गोष्टी समजतो. तशा त्या नाहीत. चिचेन इत्सा या नावाचाच अर्थ 'इत्सांच्या विहिरीच्या तोंडाशी'. पाणी होतं म्हणून शहर झालं.

ही भूमी चुनखडीची. पाऊस थेट खाली मुरतो, म्हणून उत्तर युकातानात वाहत्या नद्या जवळजवळ नाहीतच. मुरणारं पाणी खडक विरघळवतं, पोटात गुहा होतात, आणि छत कोसळलं की उघडी पडते ती सेनोटे. कुकुल्कानच्या पिरॅमिडपासून उत्तरेला जुन्या मायन वाटेनं गेलो की सुमारे 60 मीटर रुंदीची पवित्र सेनोटे लागते. तिथे पोहायचं नाही, काठावरूनच बघायचं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एडवर्ड थॉम्पसननं तिचा तळ उपसला तेव्हा सोनं निघालं, जेड निघालं, आणि माणसांची हाडंही. त्यांत लहान मुलांचीसुद्धा.

पोहायच्या सेनोटेवर गाईड आधी शॉवर घ्यायला लावतो. आपल्याला कटकट वाटते (आत्ताच तर सनस्क्रीन लावलेलं असतं!). पण आपण डुंबतो ते पाणी खडकातल्या वाटांनी पुढे जातं, आणि इथल्या लोकांचं प्यायचं पाणी येतं ते याच भूजलातून.