खेड्यांतील शाळांचें एकीकरण

अमेरिकेच्या खेड्यांत पूर्वीं एकाच खोलीची व एकाच शिक्षकाची शाळा असे. १८६९ सालीं मॅसॅच्युसेट्स संस्थानानें मुलांना सार्वजनिक खर्चानें शाळेंत पोंचविण्याची कायद्यानें मुभा दिली. प्रथम घोडागाड्या, पुढें मोटारी धांवूं लागल्या, आणि अनेक लहान शाळा मोडून एकेक मोठी शाळा उभी राहिली. १९४० च्या सुमारास तेथें शाळांचा कारभार पाहणारीं १,१७,००० स्थानिक मंडळें होतीं; आज सुमारें १३,००० उरलीं आहेत. इयत्तावार शिक्षक व प्रयोगशाळा लाभल्या, हें आम्ही मान्य करितों. परंतु त्या खोलींतच गांवाच्या सभा भरत. शाळेबरोबर गांवाची चावडीच मिटली, आणि लहानग्यांच्या वाट्यास रोजचा लांबचा प्रवास आला. बचतीचा हिशेब मांडतांना ही तूटही मांडिली पाहिजे, असें आम्हांस वाटतें.