शूटिंगचं शूटिंग

सत्यजित राय 'घरे बाइरे'च्या सेटवर काम करत होते तेव्हा तिथे आणखी एक कॅमेरा चालू होता. श्याम बेनेगल फिल्म्स डिव्हिजनसाठी रायांवर माहितीपट करत होते आणि छायालेखक होते गोविंद निहलानी. 'चारुलता'पासून राय आपला कॅमेरा स्वतःच चालवत, म्हणजे निहलानींच्या भिंगासमोरचा माणूसही भिंगाला डोळा लावूनच बसलेला. अशा कामात कॅमेरामनच्या हातात फार थोडं असतं. उजेड दुसऱ्याचा, नट दुसऱ्याचे, 'कट' म्हणणाराही दुसराच. लग्नघरी आलेल्या पाहुण्यासारखं सगळं पाहायचं, पण कुणाच्या पायात यायचं नाही.

ही शिस्त निहलानींच्या कथापटांतही दिसते. कराचीत 1940 साली जन्म, फाळणीत घर सुटलं. बंगळुरूच्या पॉलिटेक्निकमधून छायालेखन शिकून ते व्ही. के. मूर्तींचे सहायक झाले. 'कागज के फूल'मध्ये रिकाम्या स्टुडिओत उजेडाचा झोत उतरवणारे ते हेच मूर्ती. एवढ्या देखण्या प्रकाशाच्या तालमीत तयार झालेला शिष्य पुढे देखणेपणाबाबत इतका हात राखून वागला, याचं मला नवल वाटतं. 1971 मध्ये सत्यदेव दुबेंनी तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे'वर मराठी चित्रपट केला, तो निहलानींनीच चित्रित केला. मग बेनेगलांसोबत 'अंकुर', 'निशांत', 'मंथन'.

त्या रांगेत मला सर्वांत जवळचा 'भूमिका' (1977). हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मकथनावर तो बेतलेला. स्मिता पाटीलचा नाच आपण रंगून पाहत असतो आणि मग कळतं, हे तर शूटिंग आहे. दिवे, माणसं, सेटवरची धांदल, सगळं चौकटीत येतं. बाईचं भूतकाळातलं आयुष्य कृष्णधवल, पुढचे काळ वेगवेगळ्या रंगछटांत. चित्रपट कसा बनतो ते दाखवणारा हा कथापट आहे, आणि रायांवरच्या माहितीपटाआधीची निहलानींची ही रंगीत तालीमच म्हणायला हवी. 'जुनून'साठी त्यांना छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मी परीक्षक असतो तर तो 'भूमिका'ला दिला असता.

ॲटनबरोंच्या 'गांधी'त त्यांनी सेकंड युनिट सांभाळलं. तोवर ते स्वतः दिग्दर्शक झाले होते. 'आक्रोश' (1980) आणि 'अर्धसत्य' (1983), दोन्हींचं लेखन तेंडुलकरांकडे, कॅमेरा मात्र स्वतःच्याच हाती. 'आक्रोश'मध्ये ओम पुरी जवळजवळ सगळा चित्रपटभर गप्प आहे. त्याच्या तोंडून काही निघेल या आशेवर न राहता कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावर थांबतो. माहितीपट करणाऱ्याला ही चिकाटी लागतेच.

दूरदर्शनवर 1988 मध्ये आलेल्या 'तमस'मध्ये निहलानी पुन्हा फाळणीकडे वळले. या वेळी छायालेखनासाठी त्यांनी बोलावलं ते आपल्या गुरूंना, व्ही. के. मूर्तींना.