सेमेय : खोट्या पाटीचा दवाखाना

कझाकस्तानात इर्तिश नदीकाठच्या सेमेय शहरात १९५७ साली सोव्हिएत सरकारनं एक दवाखाना उघडला. पाटी होती ब्रुसेलोसिस निवारणाची. गुरामेंढरांकडून माणसाला होणारा हा ताप. मेंढपाळांच्या मुलखात असा दवाखाना निघाला, तर कुणाला शंका येणार? आत तपासणी व्हायची ती अणुचाचण्यांच्या किरणोत्साराच्या परिणामांची. खरं नाव 'दवाखाना क्रमांक ४'. आसपासच्या गावांतले लोक तपासले जायचे, नोंदी व्हायच्या आणि त्या गुप्त राहायच्या. आपल्याला नेमकं काय झालंय, हे रोग्यालाच सांगत नसत. मला स्फोटांइतकंच हेही क्रूर वाटतं.

शहरापासून पश्चिमेला सुमारे दीडशे किलोमीटरवर या चाचण्यांचं मैदान. लोक त्याला 'पोलिगॉन' म्हणतात. क्षेत्रफळ अठरा हजार चौरस किलोमीटरहून जास्त, म्हणजे आपल्या पुणे जिल्ह्यापेक्षा मोठं. २९ ऑगस्ट १९४९ला इथं पहिला सोव्हिएत अणुबॉम्ब फुटला आणि त्याची धूळ वाऱ्यानं दोलोन गावावर नेली. गाव आधी रिकामं केलेलं नव्हतं. पुढच्या चाळीस वर्षांत एकूण ४५६ चाचण्या झाल्या, त्यातल्या शंभरावर जमिनीवर किंवा हवेत. धुळीतलं किरणोत्सारी आयोडीन गवतावर बसायचं, गवत जनावरांच्या पोटात जायचं आणि दुधावाटे पोरांच्या गळ्यातल्या थायरॉइड ग्रंथीत साठायचं. या गवताळ प्रदेशात दूध हेच रोजचं अन्न.

१९६५च्या जानेवारीत याच मैदानावर चगान नदीच्या पात्रात जमिनीखाली बॉम्ब फोडला, तो जलाशय करण्यासाठी. सुमारे चारशे मीटर रुंदीचा तो खड्डा आज तळं म्हणून उभा आहे.

फेब्रुवारी १९८९मध्ये कवी ओल्झास सुलेमेनोव दूरचित्रवाणीवर कविता वाचायला आले. कविता बाजूला ठेवून त्यांनी भूमिगत चाचणीतून वायू गळल्याचं सांगितलं. त्यातून 'नेवाडा-सेमिपलातिन्स्क' चळवळ उभी राहिली; सेमिपलातिन्स्क हे सेमेयचं तेव्हाचं नाव. २९ ऑगस्ट १९९१ला पोलिगॉन बंद झालं.

शरीरांचा हिशेब मात्र चालूच राहिला. इथल्या कुटुंबांवरचं एक संशोधन २००२ साली प्रसिद्ध झालं. उघड्यावरच्या स्फोटांचा मारा झेललेल्या पिढीत, पुढे वारशानं जाणाऱ्या जनुकीय बदलांचं प्रमाण सुमारे ८० टक्क्यांनी वाढलेलं आढळलं. बाधितांना १९९२च्या कायद्यानं प्रमाणपत्रं आणि भरपाई मिळू लागली. दवाखाना क्रमांक ४चं १९९१ सालीच किरणोत्सार वैद्यकाच्या संशोधन संस्थेत रूपांतर झालं होतं. तिथल्या नोंदवहीत आता आजी-आजोबांबरोबर त्यांच्या मुला-नातवंडांचीही नावं लिहिली जातात.